पान्याचा दिवा

गाडीच्या डॅशबोर्डवर पेटणारा पाना ऑईलकडे बघत नसतो. चेंबरमध्ये ऑईल किती आहे, कुठल्या ग्रेडचं आहे, काळं पडलंय की कालच भरलंय, यातलं काहीही त्याला ठाऊक नसतं. बहुतेक गाड्यांत त्याला दोनच गोष्टी येतात: किलोमीटर मोजणं आणि दिवस मोजणं. दहा हजार किलोमीटर किंवा एक वर्ष, यातलं जे आधी भरेल तेव्हा तो पेटतो आणि कोणीतरी आकडा पुन्हा मूळपदावर आणला की विझतो. मधल्या काळात ऑईल खरोखर बदललं का, याच्याशी त्याला देणंघेणं नाही. दूधवाल्याच्या हिशेबासाठी कॅलेंडरवर मारलेल्या खुणांसारखं हे काम. किती दिवस दूध आलं ते कळतं, त्यात पाणी किती होतं ते नाही.

एवढं ध्यानात घेतलं की सर्व्हिस रिमाइंडर नावाच्या प्रकरणातले दोन्ही घोटाळे उलगडतात. पहिला असा, की तुम्ही रविवारी सकाळी स्वतः ऑईल बदलता, नवा फिल्टर लावता, हात धुता आणि सोमवारी गाडी पुन्हा सर्व्हिस मागते. दुसरा जास्त महागात पडणारा. कोणीतरी ऑईल न बदलता नुसता दिवा विझवतं आणि गाडी पुढचे दहा हजार किलोमीटर समाधानाने गप्प बसते. पहिल्यात गाडीचा मालक उगाच हैराण होतो. दुसऱ्यात इंजिन झिजतं आणि मालकाला पत्ता नसतो.

पुढे जाण्याआधी दिव्यांची ओळख पक्की करून घेऊ, कारण इथली गल्लत परवडत नाही. तेलाच्या झारीचं चित्र असलेला लाल दिवा ऑईलच्या दाबाचा. चालत्या गाडीत तो पेटला तर गाडी तिथेच बाजूला घ्यायची आणि इंजिन बंद करायचं. पुढच्या पंपापर्यंत नेऊ, हा विचार इंजिनाच्या मुळावर येतो. इंजिनाच्या आकृतीचा पिवळा दिवा म्हणजे चेक इंजिन. कुठल्या तरी सेन्सरला किंवा धुराच्या नियंत्रणाला बिघाड दिसला आहे आणि त्याचा कोड संगणकात नोंदला गेला आहे, असा त्याचा अर्थ. पाना मात्र नुसता तगादा आहे. त्यातही सगळ्या कंपन्यांचं एकमत नाही. फोर्डच्या अनेक गाड्यांत पाना म्हणजे इंजिन किंवा गिअरच्या यंत्रणेतला बिघाड, सर्व्हिसची आठवण नव्हे. त्यामुळे शेजाऱ्याच्या गाडीवरून आपल्या गाडीचं निदान करू नये.

फियाट आणि अँबॅसडरच्या जमान्यात हा तगादा माणसंच लावत. ऑईल बदललं की गॅरेजवाला बॉनेटखाली तारेने एक कार्ड अडकवायचा किंवा दाराच्या कडेला स्टिकर चिकटवायचा: आजचं रीडिंग, पुढचं रीडिंग. काही हजार किलोमीटर झाले की ऑईल आणि ग्रीसिंग, हे ड्रायव्हरच्या अंगवळणी पडलेलं असे. कुर्ल्याच्या कारखान्यातून निघालेल्या प्रीमियर पद्मिनी मुंबईत टॅक्सी म्हणून २०२३च्या ऑक्टोबरपर्यंत धावल्या आणि डॅशबोर्डवरच्या कुठल्याही पान्याशिवाय धावल्या. स्टिकरची एक गोष्ट मला फार आवडते. तो ज्याने काम केलं त्यानेच लिहिलेला असतो. काम आणि नोंद एकाच हातची.

ती जोडी ऐंशीच्या दशकात फुटली. बीएमडब्ल्यूने त्या काळातल्या गाड्यांत डॅशबोर्डवर ओळीने पाच हिरवे दिवे, शेजारी एक पिवळा आणि एक लाल अशी मांडणी केली. गाडी चालेल तसे हिरवे एकेक करून विझत. थंड इंजिन दामटवलं तर लवकर विझत. पिवळा आला की सर्व्हिस, लाल आला की उशीर झाला. कल्पना सुरेख होती. पण आकडा परत सुरुवातीला आणायचा तर बॉनेटखालच्या गोल सॉकेटमध्ये खास उपकरण जोडावं लागे आणि ते उपकरण कंपनीच्या वर्कशॉपात असे. गाडी तुमची, ऑईल तुम्ही घातलेलं, दिवा मात्र त्यांचा. हौशी मालकांनी त्याच सॉकेटात वायरचा तुकडा जोडून मार्ग काढला, ही गोष्ट वेगळी. शिवाय हिशेब ठेवणाऱ्या छोट्या सर्किटवर बसवलेल्या बॅटऱ्या काही वर्षांनी गळायच्या. मग उपकरण लावूनही दिवे जागचे हलत नसत.

याच सुमारास अमेरिकेत मिशिगन राज्यातल्या वॉरन इथल्या जनरल मोटर्सच्या प्रयोगशाळेत शर्ली श्वार्ट्झ आणि डोनाल्ड स्मोलेन्स्की हे संशोधक वेगळ्या बाजूने विचार करत होते. ऑईल किती किलोमीटरला बदलायचं हा प्रश्नच अपुरा आहे, कारण सगळे किलोमीटर सारखे नसतात, हा त्यांचा मुद्दा. इंजिन जेमतेम तापतं न तापतं तोच बंद झालं, की जळणातून तयार झालेलं पाणी आणि न जळलेलं पेट्रोल पिस्टनच्या रिंगांमधून खाली उतरून ऑईलमध्ये मिसळतं. ऑईल नीट तापलं तर ते उडून जातं. न तापलं तर साचतं आणि गाळ होतो. उलट टोकाला, जड ओझं ओढताना ऑईल अति तापतं, हवेशी त्याची प्रक्रिया होते, ते घट्ट होतं, त्यातली संरक्षक रसायनं संपतात. या दोन टोकांच्या मधला, हमरस्त्यावरचा एकसुरी प्रवास ऑईलला सर्वांत मानवतो.

त्यांनी काढलेला मार्ग साधा आहे. नव्या ऑईलला इंजिनाच्या फेऱ्यांचा ठरावीक साठा द्यायचा. प्रत्येक फेरीला त्यातून काहीतरी वजा करायचं. ऑईल फार थंड किंवा फार गरम असेल तर जास्त वजा करायचं. साठा संपत आला की चालकाला सांगायचं. १९८७ साली त्यांचा निबंध प्रसिद्ध झाला आणि १९८८च्या काही ओल्ड्समोबिल गाड्यांमध्ये ही यंत्रणा आली. पुढे होंडा आणि इतर कंपन्यांनी आपापल्या पद्धतीने हाच विचार उचलला. होंडाच्या अमेरिकेतल्या गाड्यांत ऑईलचं उरलेलं आयुष्य टक्क्यांत दिसतं, सोबत एखादं अक्षर आणि आकडा येतो. ए म्हणजे फक्त ऑईल, बी म्हणजे ऑईल, फिल्टर आणि तपासणी. १ म्हणजे टायरची अदलाबदल, ४ म्हणजे स्पार्क प्लग, ५ म्हणजे कूलंट.

पण ही हुशार यंत्रणाही ऑईल बघत नाही. ती इंजिनाच्या वागणुकीवरून अंदाज बांधते. चुकीच्या ग्रेडचं ऑईल भरा, जुनंच ठेवा, लिटरभर कमी भरा. रिसेट केलंत की पडद्यावर शंभर टक्के झळकणार.

श्वार्ट्झबाईंचं तत्त्व आपल्या शेतकऱ्याला नवीन वाटणार नाही. ट्रॅक्टरची सर्व्हिस किलोमीटरवर कधीच नव्हती, ती तासांवर: पहिली पन्नास तासांना आणि नंतर अनेक मॉडेलांना अडीचशेच्या आसपास. जुन्या यांत्रिक आवरमीटरमध्ये तर तासही घड्याळाचे नसतात. मीटर इंजिनाच्या फेऱ्यांवर चालतो. ट्रॅक्टर मंद गतीवर उभा असेल तर घड्याळाचा तास झाला तरी मीटरवर तास भरत नाही. म्हणजे ऑईलचं आयुष्य फेऱ्यांत मोजायचं, हे डेट्रॉइटच्या मोटारींना उमगण्याआधीपासून बांधावर चालू होतं.

हाच हिशेब शहरातल्या मोटारीला लावून बघा. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर ताशी ऐंशीच्या सरासरीने दहा हजार किलोमीटर म्हणजे सव्वाशे तास. तेच दहा हजार किलोमीटर अंधेरी, कुर्ला, सायन अशा गर्दीत ताशी सोळाच्या सरासरीने कापले तर सव्वासहाशे तास. पाचपट. मोटारीचं काम नांगरणीइतकं जड नसतं, ऑईलही वेगळं असतं, हे खरं. तरी अडीचशे तासांना ट्रॅक्टरचं ऑईल बदलणारा माणूस हा आकडा ऐकून दचकेल. किलोमीटर मोजणाऱ्या पान्याला दोन्ही गाड्या सारख्याच. म्हणूनच अनेक मॅन्युअलमध्ये 'कठीण परिस्थितीतला वापर' अशा मथळ्याखाली वेगळा तक्ता असतो. छोट्या फेऱ्या, धुळीचे रस्ते, सतत थांबत-चालत जाणं, अशा वापरासाठी त्यात कमी अंतर दिलेलं असतं. तो तक्ता वाचला की कळतं, महाराष्ट्रातल्या शहरी मोटारींचा सगळा संसारच 'कठीण परिस्थिती'त बसतो. पान्याची वाट न पाहता आठ हजारांवर, सहा हजारांवर ऑईल बदलणारे लोक उधळे नाहीत. त्यांना रिसेट स्वतः करता येणं म्हणूनच गरजेचं आहे, नाहीतर त्यांचा हिशेब आणि गाडीचा हिशेब कायमचे वेगळे पडतात.

काम तसं अवघड नाही. इंजिन कोमट असताना चेंबरखालचा ड्रेन बोल्ट सोडायचा, जुनं ऑईल पूर्ण निथळू द्यायचं, बोल्टचा वायसर नवा टाकायचा. नव्या फिल्टरच्या रबराला बोटाने थोडं ऑईल लावून तो हाताने आवळायचा, मॅन्युअलने सांगितलेल्या ग्रेडचं ऑईल भरायचं (लहान पेट्रोल इंजिनात साधारण तीन ते चार लिटर), मिनिटभर इंजिन चालवून बंद करायचं आणि थोड्या वेळाने पट्टी काढून पातळी बघायची. एक गोष्ट मात्र दटावून सांगण्यासारखी आहे. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली शिरू नये. जॅक उचलण्यासाठी असतो, पेलून धरण्यासाठी नव्हे. विटा आणि दगड तर नकोच. लोखंडी स्टँड किंवा रॅम्प हवा. तो नसेल तर हा सगळा उद्योग गॅरेजवर सोपवलेला बरा.

मग रिसेट. पद्धती कंपनीगणिक वेगळ्या, पण त्यामागची चाल एकच: चावी ऑनवर, इंजिन बंद. बटणाने चालू होणाऱ्या गाडीत ब्रेक किंवा क्लच न दाबता बटण दाबलं की ही अवस्था येते. टोयोटाच्या बऱ्याच जुन्या मॉडेलांत मीटरवर ओडोमीटर किंवा ट्रिप ए आणायचं, चावी बंद करायची, ट्रिपचं बटण दाबून धरायचं, तसंच धरून चावी ऑन करायची आणि रेघा जाऊन शून्य उमटेपर्यंत बोट उचलायचं नाही. ह्युंदाईच्या अनेक गाड्यांत स्टीअरिंगवरच्या बटणांनी सेटिंगमध्ये जाऊन सर्व्हिस इंटर्व्हल निवडायचा आणि ओके दाबून धरायचं. तिथे आपल्याला हवं ते अंतरही घालता येतं. शेव्हरोलेच्या कित्येक मॉडेलांत इंजिन बंद ठेवून पाच सेकंदांत तीनदा ॲक्सिलरेटर तळापर्यंत दाबायचा. ही रीत पहिल्यांदा ऐकणाऱ्याला कोणीतरी आपली चेष्टा करतंय असं वाटतं, पण ती मॅन्युअलमध्ये छापलेली आहे.

महागड्या गाड्यांत ऑईल, ब्रेक फ्लुइड, ब्रेक पॅड, तपासणी असे निरनिराळे हिशेब चालतात आणि तिथे घाई नडते. बीएमडब्ल्यूत ब्रेक फ्लुइडची मुदत दोन वर्षांची असते. ऑईलऐवजी तोच आकडा मूळपदावर गेला, तर पुढची दोन वर्षं गाडी ब्रेक फ्लुइडचं नाव काढणार नाही. त्यामुळे पडद्यावर काय लिहिलंय ते वाचूनच बोट लावावं.

काही डिझेल गाड्यांत तर रिसेट ही निव्वळ सोय राहिलेली नाही. बीएस-६ नियम एप्रिल २०२०पासून लागू झाले आणि डिझेल मोटारींच्या धुराड्यात काजळी अडवणारी गाळणी आली. ती गाळणी साफ करण्यासाठी इंजिन मधूनमधून जादा डिझेल सोडतं आणि त्यातलं थोडं ऑईलमध्ये उतरतं. काही गाड्यांचा संगणक हे ऑईल किती पातळ झालं असेल याचा अंदाज मांडत असतो. नवं ऑईल भरलं आणि त्याला सांगितलं नाही, तर तो जुन्या ऑईलचाच हिशेब पुढे ओढतो आणि नव्या ऑईलवर इशारे देत राहतो. अशा गाडीत कमी राखेचं, मॅन्युअलने सांगितलेलंच ऑईल लागतं. दुकानदाराने 'हेपण चालतं' म्हणून पुढे केलेलं नव्हे.

बटणांनी काम भागत नाही अशा गाड्या वाढत चालल्या आहेत. मग लोक स्टीअरिंगखालच्या सोळा पिनांच्या सॉकेटात लावायचं स्वस्तातलं ब्लूटूथ यंत्र मागवतात आणि निराश होतात. त्याने चेक इंजिनचा कोड वाचता येतो, पान्याला मात्र हात लागत नाही. याचं कारण कायद्यात आहे. अमेरिकेत १९९६च्या मॉडेलांपासून हे सॉकेट सक्तीचं झालं, आपल्याकडे त्याच धर्तीचे नियम २०१३पासून आहेत; पण सक्ती प्रदूषणासाठी होती. धुराशी संबंधित जेवढं आहे तेवढंच सगळ्या कंपन्यांना एका भाषेत बोलायला लावलं गेलं. सर्व्हिसचा आकडा मीटरच्या युनिटमध्ये, कंपनीच्या खासगी भाषेत राहिला. ती भाषा बोलणारा स्कॅनर महाग असतो आणि त्याला दरवर्षी नवा करून घ्यायचा खर्च वेगळा. कोपऱ्यावरच्या मिस्त्रीला इंजिन उघडून बसवता येतं आणि एक दिवा विझवायला मात्र त्याला दुसऱ्याच्या दारात जावं लागतं, ही परिस्थिती मला अन्यायाची वाटते. हातातलं कौशल्य इथे कमी पडत नाही, किल्ली अडवून ठेवलेली असते.

या अडवणुकीवर भारतात एक मोठा निकाल झालेला आहे, आणि तो गाडीमालकांना फारसा माहीत नाही. एका ग्राहकाच्या २०११च्या तक्रारीवरून भारतीय स्पर्धा आयोगाने चौकशी केली आणि २५ ऑगस्ट २०१४ रोजी चौदा मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४५ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. सुटे भाग, तांत्रिक माहिती आणि निदानाची उपकरणं स्वतंत्र गॅरेजांना मिळू न देणं हा वर्चस्वाचा गैरवापर आहे, असं आयोगाने म्हटलं. कंपन्या अपिलात गेल्या, दंडाचं प्रकरण लांबलं, काहींचा दंड पुढे कमीही झाला. पण त्या आदेशातला एक मुद्दा गाडीमालकाने पाठ करून ठेवावा असा आहे. बाहेरच्या गॅरेजात काम केलं म्हणून सरसकट वॉरंटी रद्द, अशी अट घालू नये. बाहेरच्या सदोष कामामुळे नुकसान झालं असेल तर तेवढ्यापुरतीच वॉरंटी नाकारता येईल. काउंटरवर बसलेला सल्लागार हे आपणहून सांगणार नाही.

अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्याने हा प्रश्न थेट मतदारांपुढे नेला. २०१२ साली सुमारे ८६ टक्के लोकांनी दुरुस्तीच्या हक्काच्या बाजूने कौल दिला. कंपन्यांच्या अधिकृत वर्कशॉपला मिळते तीच माहिती आणि साधनं वाजवी दरात इतरांनाही मिळावीत, असा कायदा झाला आणि दोन वर्षांत कंपन्यांनी देशभरासाठी तसा करार केला. पुढे गाड्या बिनतारी मार्गाने थेट कंपनीला माहिती पाठवू लागल्या, तेव्हा २०२० साली त्या माहितीवरही हक्क मागणारा कौल सुमारे ७५ टक्क्यांनी मंजूर झाला. आपल्याकडे ग्राहक व्यवहार विभागाने जुलै २०२२मध्ये समिती नेमली आणि त्याच वर्षी २४ डिसेंबरला 'राइट टू रिपेअर' पोर्टल सुरू केलं. शेतीची अवजारं, मोबाइल, घरगुती उपकरणं आणि मोटारी ही त्याची चार क्षेत्रं. सुरुवात चांगली आहे, पण सगळा भर कंपन्यांच्या राजीखुशीवर. सक्तीशिवाय हे काम होणार नाही, असं माझं स्पष्ट मत आहे. जनरल मोटर्सने २०१७मध्ये भारतातली विक्री थांबवली, फोर्डने २०२१मध्ये इथलं उत्पादन बंद करत असल्याचं जाहीर केलं. कंपन्या जातात, गाड्या पुढची दहा-पंधरा वर्षं रस्त्यावर असतात, आणि त्यांना सांभाळणारा शेवटी कोपऱ्यावरचा मिस्त्रीच असतो.

घरी सर्व्हिस करणाऱ्याची खरी अडचण गाडी विकताना येते. मीटर मागे फिरवण्याचे प्रकार इतके बोकाळले आहेत, की जुनी गाडी घेणारा पहिल्यांदा अधिकृत सर्व्हिसची नोंद मागतो. ती नोंद आता बऱ्याच कंपन्यांच्या संगणकात असते आणि तुमच्या रविवारच्या कामाला तिथे जागा नसते. दहा हजारांऐवजी सहा हजारांवर ऑईल बदलणाऱ्याची गाडी कागदावर हयगय झालेली दिसते, आणि जिचा नुसता दिवा विझवला गेला ती टापटीप. यावर उपाय जुनाच आहे, वही. तारीख, रीडिंग, ऑईलची कंपनी आणि ग्रेड, किती लिटर, फिल्टरचा नंबर, आणि शेजारी पिन मारलेली बिलं. पुण्याच्या नाना पेठेतल्या दुकानातून फिल्टर घेतला तरी पक्कं बिल मागायचं. वॉरंटीच्या वादात तोंडी शब्दाला किंमत नसते. वॉरंटी चालू असलेल्या नव्या गाडीच्या सुरुवातीच्या सर्व्हिस, ज्यांत मजुरी माफ असते, त्या कंपनीकडेच करून घेण्यात शहाणपण आहे.

राहतं जुनं ऑईल. ते गटारात ओतणं हा गुन्हा आहे; कायद्याने ते घातक कचऱ्यात मोडतं. आपल्याकडे सेंट्रिंगच्या फळ्यांना लावायला, वाळवीसाठी लाकडावर फासायला लोक ते हौसेने घेऊन जातात, आणि शेवटी ते जमिनीतच मुरतं. अमेरिकेत घरच्या ड्राइव्हवेवर ऑईल बदलणारी आपली मराठी मंडळी ते डब्यात भरून सुट्या भागांच्या दुकानात नेऊन देतात. मोठी दुकानं ते फुकट घेतात. इथे एप्रिल २०२४पासून वापरलेलं ऑईल परत गोळा करून शुद्धीकरणाला पाठवण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकणारे नियम लागू आहेत. तुमच्या दारापर्यंत ती व्यवस्था पोचेपर्यंत ऑईल रिकाम्या कॅनमध्ये भरून ठेवा आणि अधिकृत पुनर्प्रक्रिया करणाऱ्याला माल देणाऱ्या गॅरेजलाच द्या. तसं गॅरेज कुठलं, हे विचारायला लाजू नका.

आणि तुम्ही ऑईल स्वतः बदलत नसाल, पुढेही बदलणार नसाल, तरी एवढं करा. गाडी सर्व्हिसहून परत येईल तेव्हा आपला पाना विझला आहे याचं समाधान न मानता गेटवरच बॉनेट उघडायला लावा. पट्टी ओढून ऑईलची पातळी आणि रंग बघा, फिल्टर नवा दिसतोय का ते बघा, आणि बिलावर ऑईलची ग्रेड आणि लिटर लिहिलेले नसतील तर लिहून घ्या. तुमच्या मॉडेलचं मॅन्युअल बहुधा कंपनीच्या संकेतस्थळावर फुकट मिळतं. रिसेटचं पान त्यात शोधून खूण करून ठेवा.